समक्ष

दौंडच्या रेल्वे कॉलनीतले जुने लोक पोपटरावांचं नाव निघालं की एक किस्सा हमखास सांगत. मालगाडीवर गार्ड असताना एकदा पहाटे त्यांचा डोळा लागला आणि सिग्नल मिळूनही गाडी चार मिनिटं जागेवरच उभी राहिली. ड्रायव्हर म्हणाला, "लिवा की, ब्रेकचं प्रेशर आलं नव्हतं. कोण बघतंय?" पोपटरावांनी वहीत लिहिलं, 'गार्डचा डोळा लागला.' त्यापायी चार्जशीट मिळालं, साहेबांची बोलणी खाल्ली. पण तेव्हापासून कॉलनीत म्हणच पडली, पोपटरावांनी लिहिलं म्हणजे तसंच झालं असणार.

याच नावापायी बिरदेव त्यांच्याकडे आला.

बिरदेव म्हणजे म्हस्कूचा मुलगा. म्हस्कू आणि पोपटराव एकाच गावचे, भीमेच्या पलीकडच्या, शिरूर तालुक्यातल्या. एक मेंढरांमागं गेला, एक रेल्वेत गेला, पण मैत्र सुटलं नाही. म्हस्कूनं पुढं कळप विकून सहा एकर रान घेतलं, विहीर पाडली, ऊस लावला. त्याला बिरदेव आणि सुषमा अशी दोन पोरं. सुषमा शिकायची म्हणाली तेव्हा म्हस्कू तिला घेऊन थेट दौंडला आला होता. "तुझ्या हवाली करतो," एवढंच बोलला. अकरावी-बारावीची दोन वर्षं पोर पोपटरावांच्या क्वार्टरमध्ये राहिली. पोपटरावांना दोन्ही मुलगेच. सुषमा त्यांना मामा म्हणायची, गिताबाईंना मामी. पोपटराव ड्युटीवरून अवेळी आले तरी दार तीच उघडायची.

तर पाच वर्षांपूर्वी एका दुपारी बिरदेव मोटरसायकलवर आला. पोपटराव तोवर रिटायर होऊन दौंडातच छोटं घर बांधून राहिले होते. बिरदेवच्या हातात प्लॅस्टिकच्या पिशवीत कागद होते.

"मामा, आबांनी मृत्युपत्र केलंय. आबांची सही झालीय, गावातल्या तात्याबांचीबी साक्षीदार म्हणून झालीय. दुसरा साक्षीदार पाहिजे. आबाच म्हणले, पोपटकडं जा."

"तो कसा हाय?"

"हाय तसाच. अंथरुणावर. त्यांना कुठं हलवायचं आता?"

पोपटरावांनी चष्मा लावून कागद वाचला. सगळी जमीन बिरदेवला. मुलीला तिच्या लग्नात सर्व काही दिलं आहे, तिचा हक्क राहिलेला नाही. खाली म्हस्कूची दोन वाकडी अक्षरं. शेवटच्या ओळीत लिहिलं होतं, 'वर सही करणार यांनी आमच्या समक्ष सही केली.'

त्यांचं बोट त्या ओळीवर थांबलं. बिरदेवनं ते पाहिलं. "मामा, तुमच्या सहीला वजन हाय म्हणून तर आलो," तो म्हणाला आणि वाकून पाया पडला. तेवढ्यात गिताबाई चहा घेऊन आल्या. पोपटरावांनी सही केली, कप उचलला आणि ऊसतोडीचं विचारलं.

आठ दिवसांनी ते म्हस्कूला बघायला गेले. म्हस्कू खाटेवर होता. आवाज बसलेला, पण शुद्धीत. जुन्या मेंढ्यांच्या, कुत्र्याच्या गोष्टी निघाल्या. 'म्हस्कू, तो कागद तूच केलास ना?' हा प्रश्न पोपटरावांच्या जिभेवर दोनदा आला. तेवढ्यात सून पाणी घेऊन आली आणि विषय मोडला, असं ते पुढं स्वतःला सांगत राहिले. खरं तर विषय मोडला नव्हता. त्यांनी तो काढलाच नव्हता. महिन्याच्या आत म्हस्कू गेला.

सुषमाला मृत्युपत्राचं वर्षश्राद्धानंतर कळलं. ती नवऱ्याबरोबर, शंभूबरोबर, शिक्रापूरला भाड्याच्या खोल्यांत राहायची, कंपनीत क्वालिटी खात्यात होती. आबा असं करणार नाहीत, या एका हट्टावर तिनं शिरूरच्या दिवाणी कोर्टात वाटपाचा दावा लावला. तारखा पडत गेल्या. मधल्या काळात तात्याबा वारले. आता म्हस्कूनं सही केली हे शपथेवर सांगणारा एकच माणूस उरला, पोपटराव.

बिरदेवच्या वकिलांनी त्यांचं शपथपत्र तयारच ठेवलं होतं. शिरूरला कोर्टासमोरच्या त्यांच्या खोलीत पोपटरावांनी ते वाचलं. 'मी त्या दिवशी म्हस्कू यांच्या राहत्या घरी हजर होतो. त्यांनी मजकूर वाचून, समजून माझ्या समक्ष सही केली.'

"वकीलसाहेब, मी तिथं..."

"काका, ही कायद्याची भाषा असते," वकील फायलीतून डोकं वर न काढता म्हणाले. "सही तुमची आहे ना?"

"माझी हाय."

"मग झालं तर."

बिरदेव दारात उभा होता. नुसता बघत होता. पोपटरावांनी शपथपत्रावर सही केली. पाच वर्षांपूर्वीची सही खरी करायला आज ही दुसरी करावी लागली.

पिंजऱ्यात उभं राहून त्यांनी ईश्वरसाक्ष खरं सांगेन असं म्हटलं. सुषमा मागच्या बाकावर बसली होती. बारीक झाली होती. आता हिची वकील आपल्याला सोलणार, म्हणून त्यांनी कठड्याला गच्च धरलं. वकीलबाई तरुण होत्या, हातात प्रश्नांचा कागद होता. त्या उभ्या राहिल्या, मागं वळून सुषमाकडं पाहिलं. सुषमानं मान हलवली, नको म्हणून. वकीलबाईंनी ओठ दाबले, कागद खाली ठेवला. मग वय विचारलं, म्हस्कूची ओळख कधीपासूनची ते विचारलं, आपण सांगता ते खरं आहे ना असं विचारलं. पोपटराव तिन्हींची उत्तरं देऊन खाली उतरले. सुटलो, असं त्यांना वाटलं. त्या क्षणी खरोखर हलकं वाटलं, हे त्यांना पुढं आठवायचं तेव्हा कानशिलं गरम व्हायची.

ते एसटी स्टँडवर न्हावऱ्याकडून जाणाऱ्या गाडीची वाट बघत बसले होते. सुषमा धावत आली. पोपटराव उठून उभे राहिले. शिव्या ऐकायची तयारी त्यांनी केली होती. तिनं वाकून नमस्कार केला.

"मामा, बरं झालं तुम्ही आलात." ती धापा टाकत होती. "वकीलबाई रागावल्यात माझ्यावर. लई प्रश्न काढले होते त्यांनी. मीच म्हटलं, मामांना उलटसुलट विचारायचं न्हाई. मामा खोटं बोलणार न्हाईत. ते म्हणाले की आबांनी सही केली, तर केली."

पोपटरावांनी पिशवी या हातातून त्या हातात घेतली.

"इतकी वर्षं मी दादावर संशय घेतला. आईच्या माघारी त्यानंच आबांचं केलं सगळं. आणि मी त्याला कोर्टात खेचला. पुढल्या तारखेला दावा काढून घेते, मामा." तिनं पदरानं चेहरा पुसला. मग खालच्या आवाजात विचारलं, "सही करताना आबा काही बोलले का? माझ्याबद्दल?"

काही नाही, असं ते म्हणू शकत होते. तेवढं तरी खोटं वाचलं असतं. पण समोर तिचा चेहरा होता आणि त्या चेहऱ्याला काहीतरी दिल्याशिवाय तिथून निघणं त्यांना जमेना.

"बोलला की," पोपटराव म्हणाले. "म्हणला, सुषमाची काळजी न्हाई. पोरगी वाघीण हाय माझी. तिला कुणाच्या आधाराची गरज न्हाई."

सुषमा रडू लागली. गर्दीत उभी राहून, लाज न बाळगता रडली. "एवढं बोलले ना," ती म्हणाली. "बास. मला दुसरं काही नको." गाडी लागली तेव्हा तिनंच त्यांची पिशवी वर चढवून दिली.

चौफुल्याला गाडी बदलून ते घरी पोचले ते पाय ओढत. जेवले नाहीत. दुसऱ्या दिवशीही निम्मं ताट तसंच सारलं. तिसऱ्या दिवशी गिताबाईंनी ताट वाढलंच नाही, समोर येऊन बसल्या.

"काय झालं कोर्टात?"

पोपटरावांनी सांगितलं. स्टँडवरचंही सांगितलं. गिताबाई ऐकून घेत होत्या. शेवटी म्हणाल्या, "सही झाली तवा चहा मीच आणला होता. कोण कुठं बसून सही करत हुतं ते मला ठाऊक न्हाई व्हय?"

"मग बोलली का न्हाईस कधी?"

"तुम्ही बोलाल म्हणून वाट बघत हुते." गिताबाईंनी डोळ्यांवर पदर धरला. "दोन वर्षं माझ्या हातचं खाल्लंय तिनं. मीबी गप बसले. पर ते आबांचं बोलणं कशाला घडवलंत हो? मेलेल्या माणसाच्या तोंडी?"

पोपटराव उठून परसात गेले आणि पाण्याच्या टाकीशी नुसते उभे राहिले.

दुसऱ्या दिवशी सकाळी त्यांनी वहीचा कागद फाडून जज्जसाहेबांना पत्र लिहिलं. 'मी दिलेली साक्ष खरी नाही. मला परत बोलवावे.' ते घेऊन परत शिरूरला गेले. सुषमाला न भेटता हे मिटावं, असं त्यांना मनातून वाटत होतं, म्हणून तर ते सरळ कोर्टात गेले. तिथल्या क्लार्कनं पत्र वाचलं, त्यांच्याकडं वर-खाली पाहिलं आणि कागद परत दिला.

"काका, हे असं घेता येत नाही. तुम्ही साक्षीदार. साक्षीदार आपणहून पिंजऱ्यात चढत नसतो."

"पर मला खरं सांगायचंय."

"सांगा की. पण त्यासाठी दाव्यातल्या कुठल्यातरी पक्षानं अर्ज द्यावा लागतो. आणि अर्ज दिला तरी साहेब बोलावतीलच असं नाही. तो त्यांचा अधिकार. बोलावलं तर यायचं." क्लार्क जरा मऊ झाला. "बिरदेव तर अर्ज देणार नाही. त्या बाईंना जाऊन भेटा."

म्हणजे आडवाट बंद झाली होती. पोपटराव कोर्टाच्या पायरीवर बराच वेळ बसले. मग शिक्रापूरची गाडी धरली.

कंपनीच्या आठवडी सुट्टीचा दिवस होता, सुषमा घरीच होती. हायवेला लागून असलेल्या चाळीत वरच्या मजल्यावर दोन खोल्या. मामांना दारात बघून तिचा चेहरा उजळला. तिनं खुर्ची पुढं केली, पंखा लावला, आतून पाणी आणलं, पोहे करते म्हणाली.

"पोहे नको. बस."

"का हो? मामीला बरं न्हाई का?"

"बरी हाय. तू बस."

ती जमिनीवर बसली. पोपटरावांनी तिच्याकडं न बघता सांगायला सुरुवात केली. मी तिथं नव्हतो. म्हस्कूला सही करताना मी बघितलं न्हाई. बिरदेव कागद घेऊन दौंडला आला हुता, मी घरात बसून सही केली. खाली ट्रकची ये-जा सुरू होती, त्यामुळं मध्ये दोनदा थांबावं लागलं आणि थांबून परत तेच वाक्य उचलणं फार जड गेलं.

सुषमाला आधी समजलंच नाही. मग समजलं. ती म्हणाली, "म्हंजी आबांनी केलंच न्हाई?"

"ते मला ठाऊक न्हाई. केलं असंल, नसंल. मी बघितलं न्हाई, एवढंच खरं."

पोपटरावांना वाटलं, आता सर्वांत अवघड भाग संपला. तेव्हा ती म्हणाली, "आणि ते वाघीण?"

पोपटरावांनी मान खाली घातली.

"मामा, ते तरी?"

"ते बी न्हाई. ते मी माझ्या मनानं बोललो."

सुषमा उठली. आतल्या खोलीच्या दारापर्यंत गेली, परत आली. तिचा आवाज चढला नाही, पण ओळखू येईना असा झाला. "जमिनीचं मी समजून घेतलं असतं. दादानं भरीला घातलं, तुम्ही फसलात. पण ते कशाला सांगितलंत? चार दिवस मी त्या एका वाक्यावर जगले. शंभूंना सांगितलं, पोरीला सांगितलं. कंपनीतल्या बायकांना सांगितलं, आबा असं म्हणाले होते म्हणून. आता त्या सगळ्यांना जाऊन काय सांगू?"

"मला तुझं तोंड बघवंना..."

"मग बघायचं नव्हतं."

ती रडली नाही. पोपटराव सांगत राहिले की कोर्टात अर्ज द्यावा लागेल, मी पाहिजे तिथं येतो, पाहिजे ते होऊ दे. तिनं मान डोलावली. दाराशी आली आणि म्हणाली, "उठा आता. तुमची गाडी चुकंल." मामा म्हणाली नाही. जिना उतरताना पोपटरावांच्या ते लक्षात आलं.

वकीलबाईंनी अर्ज केला. पोपटरावांना बोलावून त्यांनी आधी बजावून ठेवलं. "दावा युक्तिवादाला लागलाय. साक्षीदार परत बोलावणं हा आमचा हक्क नाही, साहेबांच्या विवेकाचा भाग आहे. आणि तुम्ही खरं सांगितलंत तर खोट्या साक्षीची कारवाई तुमच्यावर होऊ शकते. विचार करा." पोपटराव म्हणाले, "विचार करायचा तवा केला न्हाई. आता काय करू?"

अर्जाच्या तारखेला गावाकडची चार माणसं आली होती. दौंडातले दोन पेन्शनरही कुठून ऐकून आले होते. पोपटराव दाराजवळ उभे राहिले. बिरदेव त्यांच्या समोरून गेला आणि थुंकावं तसं म्हणाला, "आबांची शपथ घालतो मामा, आबांनीच सही केली हुती. तुम्ही माझं घर बुडवताय." त्याच्या डोळ्यांत पाणी होतं. तो खरं बोलत असेल का, हेही पोपटरावांना सांगता येईना. हेच त्यांना खाऊन टाकत होतं.

बिरदेवचे वकील उभे राहिले. साक्षीदार फोडलेला आहे, म्हणाले. उलटतपासाची संधी वादीनं स्वतः सोडली, आता राहिलेली भोकं बुजवायला कोर्टाची मदत मागतायत, म्हणाले. कायद्यानं असं चालत नाही.

साहेबांनी वकीलबाईंना विचारलं, "हे प्रश्न तेव्हा का विचारले नाहीत?"

वकीलबाई म्हणाल्या, "माझ्या पक्षकाराचा या साक्षीदारावर विश्वास होता, साहेब. तिनं मला विचारू दिलं नाही."

मागच्या बाकावर कुणीतरी हळूच हसलं. पोपटरावांना वाटलं, जमीन दुभंगावी.

साहेब वयानं तरुण होते. त्यांनी पेन बंद केलं. "विश्वास होता म्हणून संधी सोडली, हे कारण पुरेसं नाही," ते म्हणाले. "वादीला पुन्हा उलटतपासाची परवानगी देता येणार नाही. अर्ज नामंजूर."

एवढं करून दार मिटलं होतं. आणि पोपटरावांच्या मनात कुठंतरी खोल, परत तोच हलकेपणा उगवला, सुटल्याचा. तो त्यांनी ओळखला आणि त्यांना स्वतःची किळस आली.

पण साहेबांचं बोलणं संपलं नव्हतं. "मात्र मृत्युपत्राचा दुसरा साक्षीदार हयात नाही. सगळं या एका माणसावर उभं आहे. त्याला काय सांगायचंय ते न ऐकता मला निकाल लिहिता येणार नाही. तेव्हा कोर्ट स्वतः या साक्षीदाराला बोलावतंय. प्रश्न मी विचारीन, तेही एका मुद्द्यापुरते. नंतर दोन्ही बाजूंनी त्याच मुद्द्यावर काही विचारायचं असेल तर परवानगी घ्यावी."

शिपायानं नाव पुकारलं. पोपटराव दुसऱ्यांदा त्या कठड्याशी उभे राहिले. साहेबांनी कारवाईची जाणीव करून दिली. कळलं का, विचारलं. "व्हय साहेब," पोपटराव म्हणाले.

"म्हस्कू यांना सही करताना तुम्ही पाहिलंत?"

"न्हाई साहेब."

"त्या वेळी तुम्ही कुठं होता?"

"दौंडात. माझ्या घरी. कागदावर सही आधीच हुती."

"मग शपथपत्रात आणि इथं तुम्ही वेगळं का सांगितलंत?"

गाडीत बसून पोपटरावांनी या प्रश्नाची उत्तरं जुळवली होती. बिरदेव पाया पडला. वकील म्हणाले भाषा अशीच असते. मित्राच्या घरचं काम होतं. सगळी खरी होती, आणि पिंजऱ्यात उभं राहिल्यावर एकही तोंडातून काढवेना.

"सही माझी हुती साहेब. ती खोटी हाय असं चारचौघांत म्हणायची लाज वाटली. म्हणून खोटं बोललो."

साहेबांनी टायपिस्टला सांगितलं, तिच्या बोटांखाली ते वाक्य टकटकत उमटलं. मग साहेबांनी ते वाचून दाखवलं, बरोबर आहे का विचारलं. स्वतःचं वाक्य दुसऱ्याच्या तोंडून, सगळ्यांसमोर, शुद्ध भाषेत ऐकताना पोपटरावांनी डोळे मिटले. "बरोबर हाय," ते म्हणाले.

बिरदेवच्या वकिलांनी दोन प्रश्नांची परवानगी घेतली.

"अशी साक्ष फिरवायला वादीनं तुम्हाला काय कबूल केलंय?"

"काही न्हाई. ती माझ्याशी बोलत बी न्हाई."

"ठीक. म्हस्कूंनी ती सही केलीच नाही, असं तुम्ही शपथेवर सांगू शकता?"

"न्हाई."

"म्हणजे त्यांनी केलीही असेल?"

"असंल."

"तुम्ही त्यांना कधी विचारलं नाही?"

प्रश्न दोनाच्या वर गेले होते, पण कुणी हरकत घेतली नाही. पोपटरावांना खाटेवरचा म्हस्कू दिसला, बसलेल्या आवाजात कुत्र्याची गोष्ट सांगणारा. "आठ दिवसांनी भेटलो हुतो," ते म्हणाले. "शुद्धीत हुता. विचारलं असतं तर सांगितलं असतं त्यानं. मी विचारलं न्हाई."

त्यांनी मागं पाहिलं. सुषमानं डोकं पुढच्या बाकावर टेकवलं होतं. आबांनी आपल्याला खरंच वगळलं की नाही, हे तिला आता जन्मात कळणार नव्हतं. आणि ज्याला एका प्रश्नात ते कळलं असतं, तो माणूस पिंजऱ्यात हात जोडून उभा होता.

निकाल दोन महिन्यांनी लागला. मृत्युपत्र सिद्ध झालं नाही, बहीण-भावाला निम्मं निम्मं. पोपटरावांनी निकालाची नक्कल मागवली. चष्मा लावून पान पान वाचलं. त्यांच्याविषयी एक परिच्छेद होता. या साक्षीदारानं दोन वेळा दोन परस्परविरोधी गोष्टी शपथेवर सांगितल्या, असं त्यात होतं. त्याची आधीची किंवा नंतरची कुठलीच साक्ष विश्वासास पात्र नाही. म्हणजे त्यांचं खरंही कोर्टानं धरलं नव्हतं. मृत्युपत्राला भरवशाचा साक्षीदार उरला नाही, एवढ्यानंच सुषमाचा दावा मंजूर झाला होता. त्यांनी तो परिच्छेद गिताबाईंना वाचून दाखवला. गिताबाई म्हणाल्या, "लिहिलंय त्यात चूक काय हाय?" पोपटराव म्हणाले, "काही न्हाई."

खोट्या साक्षीची नोटीसही आली. ते गेले, लेखी माफी दिली. वय बघून आणि त्यांनी स्वतः कबूल केलंय हे बघून साहेबांनी लेखी ताकीद दिली आणि प्रकरण बंद केलं. शिक्षा झाली असती तर बरं झालं असतं, असं त्यांना परतीच्या गाडीत वाटत राहिलं.

दौंडात मात्र उलटंच झालं. पेन्शनर संघाची माणसं घरी आली. या वयात कोर्टात उभं राहून खरं सांगायला छाती लागते, म्हणाले. वार्षिक सभेत शाल-नारळ द्यायचा ठराव झाला होता. पोपटरावांनी हात जोडले.

"पहिल्यांदा खरं बोललो असतो तर दुसऱ्यांदा बोलायची पाळी आली नसती. शाल कशाची घालताय?"

"हा तुमचा मोठेपणा," ते म्हणाले आणि आणखी कौतुक करू लागले. पोपटराव आत निघून गेले. पाहुण्यांना चहा गिताबाईंनीच दिला.

सुषमा त्यानंतर दौंडला आली नाही. पण दर रविवारी अकराच्या सुमाराला गिताबाईंच्या मोबाईलवर तिचा फोन येतो. मामी, गुडघे कसे आहेत. मामी, पोरगी दहावीला गेली. बिरदेवनं जमिनीची मोजणी होऊ दिली, वहिनी बोलायला लागली, असंही एकदा सांगितलं. पोपटरावांचं नाव ती काढत नाही. गिताबाईंनी एकदोनदा न विचारता फोन त्यांच्याकडं केला होता, तेव्हा पलीकडून आवाज थांबला आणि फोन परत गेला.

आता रविवारी फोन वाजला की पोपटराव पायात चपला सरकवतात आणि बाहेर पडतात. आपण घरात असलो की त्या दोघी जपून बोलतात, हे त्यांनी ऐकलेलं आहे. स्टेशनच्या पुलापर्यंत जातात, तासाभरानं परत येतात. आल्यावर काय म्हणत होती असं ते विचारत नाहीत. गिताबाई ताट वाढता वाढता आपणहून जेवढं सांगतील तेवढं खाली मान घालून ऐकतात.